खान्देशात पर्यावरणावर माहितीपट : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जळगाव, धुळे आणि नंदुरबार या तीन जिल्ह्यांत मी पाणी, जंगल आणि शेतीवर माहितीपट करते. गावात पडदा लावून फिल्म दाखवली, कॉलेजात बोलायला गेले किंवा एखाद्या मुलाचा-मुलीचा फोन आला, की प्रश्न साधारण तेच असतात. त्यांची उत्तरं एका जागी असावीत म्हणून हे पान. काही उत्तरं लांबली आहेत, कारण ते विषय माझ्या जिव्हाळ्याचे आहेत.

खान्देशात पर्यावरणाचा विषय तो काय? इथे ऊन, केळी आणि कापूस.

या तीन गोष्टींतच सगळं आलं. मे महिन्यात भुसावळ-जळगावचा पारा ४५ अंशांच्या वर जातो आणि नेमकी तेव्हाच केळी पाणी पाणी करते. कापसात २००२ मध्ये बीटी बियाणं आलं. बोंडअळीची कटकट मिटली असं वाटत असतानाच २०१७ च्या हंगामात गुलाबी बोंडअळीने उभं पीक पोखरलं. शिवाय मुलताईहून निघून आपल्याकडून गुजरातेत जाणारी तापी, तिला मिळणाऱ्या गिरणा, वाघूर, बोरी, पांझरा, अनेर, गोमाई, उत्तरेचा अख्खा सातपुडा आणि त्याच्या पलीकडच्या अंगाला नर्मदेचा काठ. एका माणसाच्या आयुष्याला पुरून उरेल एवढं काम आहे इथे.

तुम्ही या कामात कशा आलात?

मूळ गाव तापीकाठचं. पदवी जळगावची, पत्रकारितेचं शिक्षण पुण्याचं, त्यानंतर एका वृत्तवाहिनीसाठी जिल्ह्याच्या बातम्या. मृगाच्या तोंडावर वादळ येतं, केळीच्या बागा आडव्या होतात, आपण पडलेले घड दाखवतो, शेतकऱ्याची दोन वाक्यं घेतो. पंचनामा होईपर्यंत ती बातमी असते. पुढे त्याच माणसाने कंद कुठून आणले, सोसायटीचं कर्ज कसं फिरवलं, बाग पुन्हा लावली की नाही, हे बघायला कुणी परत जात नाही. मला परत जायचं होतं. नोकरीत ते जमेना, म्हणून नोकरी सोडली.

एवढी वर्षं केळीच्या पट्ट्यात का घालवली?

कारण केळी कॅमेऱ्याला फसवते. रावेर-यावलच्या रस्त्याने जाऊन बघा. दोन्ही बाजूंना गच्च हिरव्या बागा, ठिबकच्या काळ्या नळ्या, भरलेले घड. वरून चित्रण केलं तर सगळा पट्टा सुबत्तेची जाहिरात वाटावी असा. आणि त्याच बागांच्या खालचं पाणी वर्षागणिक खोल चाललं आहे. दिसतं ते हिरवं आणि संपत चाललं आहे ते जमिनीच्या पोटात. जे दिसत नाही ते पडद्यावर आणायचं कसं, या एका प्रश्नाभोवती माझं सगळं काम फिरतं.

सातपुड्याच्या पायथ्याला दगडगोट्यांचा आणि रेतीचा एक पट्टा आहे. भूगर्भाचे अभ्यासक त्याला बझाडा म्हणतात. डोंगरावरून उतरणारे नाले या पट्ट्यात झपाट्याने मुरतात आणि तेच पाणी खाली तापीच्या गाळाच्या जाड थरांना मिळतं. या पाण्यावर इथली केळी उभी राहिली. आधी विहिरी होत्या. त्या आटल्या तशा ट्यूबवेल आल्या, मग आणखी खोल ट्यूबवेल. मुरतं त्यापेक्षा उपसा जास्त, एवढाच तो हिशेब आहे, पण हिशेबाचा आकडा पडद्यावर टाकला की प्रेक्षक जांभई देतो.

मला तो हिशेब एका बागेत मोटार वर काढताना दिसला. तिपाई उभी केली होती आणि चेनकप्पीने एकेक पाइप वर येत होता. एक पाइप वीस फुटांचा. बाहेर येणारे जुने पाइप तांबूस पडलेले, त्यांच्यावर क्षारांचा पांढरा थर. बांधाला नवे कोरे पाइप ठेवलेले, त्यांच्यावरची छपाईही पुसली नव्हती. मोटार आणखी खाली सोडायची होती. मजुराने नवा पाइप लावला, पान्याने आवळला आणि मालक असलेले आबा म्हणाले, "मागच्या खेपेलाही एवढ्यावर भागेल असंच म्हटलो होतो." मी कॅमेरा त्या दोन रंगांच्या पाइपांवर ठेवला. जुना पाइप, नवा पाइप. त्या दृश्यावर मी निवेदन घातलेलं नाही.

यात शेतकऱ्याला आरोपी करणं मला पटत नाही. जळगावच्या केळीला बाजार आहे, २०१६ मध्ये तिला भौगोलिक मानांकन मिळालं, ठिबक आणि ऊतीसंवर्धित रोपांनी उत्पन्न वाढलं. ठिबकने झाडागणिक पाणी वाचवलं आणि वाचलेल्या पाण्यावर नवी लागवड झाली. एकेका माणसाचा निर्णय त्याच्या जागी शहाणपणाचाच होता. सगळे निर्णय एकत्र येतात ते जमिनीखाली.

चित्रणाला वेळ लागतो तोही पिकामुळेच. मृगबाग जून-जुलैत लागते, कांदेबाग ऑक्टोबरच्या आसपास. लागवडीपासून घड कापून गाडी भरेपर्यंत थांबायचं तर वर्ष-दीड वर्ष सहज जातं. पंधरा दिवसांत केळीवर फिल्म करून देतो म्हणणारा माणूस फक्त हिरवा रंग घेऊन जाईल.

गिरणेतल्या वाळूवर फिल्म करताना भीती वाटली नाही का?

वाटते, आणि वाटलीच पाहिजे. रात्री नदीपात्रात जाऊन डंपरचा पाठलाग करण्यात शौर्य नाही. मी ते करत नाही आणि माझ्याबरोबर शिकायला येणाऱ्या मुलांनाही करू देत नाही.

दिवसाउजेडी जे दिसतं ते पुरेसं बोलकं असतं. वाळू नदीचं पाणी धरून ठेवते, पूर ओसरला तरी वाळूत मुरलेलं पाणी काठच्या विहिरींना कित्येक महिने पुरतं. वाळू गेली की पूर येतो तसा वाहून जातो. पात्र खाली गेल्यावर गावच्या पाणीपुरवठ्याच्या विहिरीचा, जो भाग कधीकाळी वाळूत गाडलेला होता, तो माणसाच्या डोक्याच्या वर उघडा उभा राहतो. पुलाच्या खांबांचे पाये बाहेर येतात आणि खांबावर जुन्या पात्राची रेघ तशीच असते. त्या रेघेशी गावातल्या म्हाताऱ्या माणसाला उभं करा आणि विचारा, नाना, तुमच्या लहानपणी इथे कुठवर वाळू होती? ते हात वर करून दाखवतात. तो हात म्हणजे पुरावा.

ट्रॅक्टरवर पाट्या भरणाऱ्या मजुरांचे चेहरे मी दाखवत नाही. ते रोजंदारीवर आहेत आणि पहिला गुन्हा त्यांच्यावरच दाखल होतो. चित्रणाच्या दिवशी काहीही ऑनलाइन टाकत नाही, कुठे जाते आहे ते घरी सांगून जाते आणि रेकॉर्डिंगची एक प्रत त्याच संध्याकाळी दुसऱ्या गावी पोचते.

माहिती कुठून मिळवता?

भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणा ठरावीक निरीक्षण विहिरींची पातळी वर्षातून चार वेळा मोजते, त्यामुळे तालुक्याची जुनी-नवी पातळी ताडून बघता येते. पीकपेरा तलाठ्याकडे असतो. १८८० चं खान्देशचं गॅझेटियर नक्की वाचा, त्यात नद्या, बंधारे आणि जंगलांची वर्णनं आहेत. जे सहज मिळत नाही त्यासाठी २००५ चा माहिती अधिकार कायदा: अर्जाला १० रुपये, उत्तराला ३० दिवस. अर्जात एकच मुद्दा विचारा आणि नेमकं कागदाचं नाव लिहा.

मात्र कागद हातात आला तरी विहिरीवर जायचंच. दोर सोडून पाणी कुठे लागतं ते घरधन्याबरोबर स्वतः बघायचं.

मुलाखती अहिराणीत का ठेवता? मराठीत घेतल्या तर जास्त लोकांना कळतील ना?

माणूस ज्या भाषेत मोटारीला शिव्या देतो, त्याच भाषेत तो पाण्याबद्दल खरं बोलतो. कॅमेरा बघितला की आपल्याकडची माणसं लगेच पुस्तकी मराठीत जातात, "सदर ठिकाणी पाणीटंचाई आहे" वगैरे. मी वाट बघते. चहा होतो, कॅमेरा विसरला जातो आणि मग एखादी माय सहज म्हणून जाते, "आते नदीमा पानीच नही ऱ्हायनं." हे वाक्य बदलून घ्यायचा मला काय अधिकार? खाली मराठी उपशीर्षक देता येतं.

सगळ्या खान्देशात अहिराणीच बोलतात असंही नाही. यावल-रावेरकडे लेवा बोली आहे, पायथ्याच्या गावांत तडवी आहेत, धडगावकडे पावरी आणि भिली, नवापूरकडे मावची. जी बोली येत नाही तिथे त्याच गावातला माणूस सोबत घ्या, त्याचं मानधन द्या आणि त्याचं नाव श्रेयनामावलीत घाला.

सातपुड्यात, नर्मदाकाठी चित्रण करायचं आहे. काय तयारी करू?

आधी हे लक्षात घ्या की तिथे तुमच्या आधी पुष्कळ कॅमेरे येऊन गेलेत. अक्कलकुवा आणि धडगाव तालुक्यांतली ३३ गावं सरदार सरोवराच्या बुडितात आली, मणिबेली त्यातलं पहिलं. १९९३ मध्ये जागतिक बँकेचं कर्ज थांबलं ते याच काठावरच्या लढ्यामुळे जगभर गाजलं. पुढे धरण १३८.६८ मीटरपर्यंत गेलं. एवढ्या वर्षांत या लोकांना शेकडो जणांनी "तुम्हाला कसं वाटतं?" असं विचारलंय. पुन्हा तेच विचारून त्यांना कॅमेऱ्यासमोर रडवू नका.

मी आज काय चाललंय ते बघते. बाजाराला आणि दवाखान्याला बोटीने जाणं, उन्हाळ्यात कैऱ्या कापून फोडी वाळत घालून आमचूर करणं, पहाटे मोहाखाली फुलं वेचणं. आमचुराला व्यापारी काय भाव देतो हे बघितलं की विस्थापन, रस्ता, बाजार आणि जंगल सगळं त्या एका पाटीत सापडतं. जाताना मुक्कामाची तयारी ठेवा, बॅटऱ्या भरपूर घ्या आणि पावसाळ्यात घाटरस्ता कधी बंद होईल याचा भरवसा धरू नका.

फक्त दुःखाच्याच फिल्म करता का?

नाही. साक्री तालुक्यातलं बारीपाडा बघून या. गावाने कुऱ्हाडबंदी केली, चराई बंद केली, दंड बसवले आणि उजाड झालेलं जंगल परत उभं केलं. या कामात पुढे असलेल्या चैत्राम पवार यांना २०२५ मध्ये पद्मश्री मिळाली. पावसाळ्यात तिथे रानभाज्यांची स्पर्धा भरते. बाया ज्या नेमकेपणाने सांगतात, ही भाजी कोवळी असतानाच खुडायची, ही दोनदा पाणी टाकून उकळायची, ते ऐकताना कळतं की जंगल राखणं म्हणजे रोजचं व्यवहारज्ञान आहे. अशी फिल्म करताना एकच पथ्य पाळते: गावातले वाद, दंड भरायला नकार देणारे, आधी विरोधात असलेले, यांनाही जागा द्यायची. नाहीतर ती सत्काराची चित्रफीत होते.

तुम्ही तटस्थ असता का?

माझं मत असतं आणि ते मी लपवत नाही. पण समोरच्या बाजूचं सर्वांत भक्कम म्हणणं फिल्ममध्ये यायलाच हवं. शिरपूर पॅटर्नचं घ्या. भूवैज्ञानिक सुरेश खानापूरकर यांच्या कल्पनेतून शिरपूर तालुक्यात नाले खोल आणि रुंद केले, त्यावर सिमेंटचे बंधारे बांधले. विहिरींना पाणी आलं हे तिथले शेतकरी छातीठोकपणे सांगतात. दुसरीकडे भूजलाचे काही अभ्यासक म्हणतात की हवं तिथे खोल खोदल्याने पाणी धरणारा थरच उघडा पडू शकतो आणि एका ठिकाणचं खडकाचं गणित दुसरीकडे लागू पडत नाही. मला दुसरं म्हणणं जास्त पटतं, विशेषतः हा पॅटर्न सरसकट उचलण्याबद्दल. तरी पाणी आलेल्या विहिरीच्या काठावर बसून त्या शेतकऱ्याचं पूर्ण ऐकल्याशिवाय मी अभ्यासकाकडे कॅमेरा वळवणार नाही.

वन्यजीवांवर फिल्म कराल का?

रानपिंगळ्यावर करायची फार इच्छा आहे. १८८४ नंतर हा छोटा पिंगळा कुणाला खात्रीने सापडला नव्हता. नोव्हेंबर १९९७ मध्ये पामेला रासमुसेन, बेन किंग आणि डेव्हिड अ‍ॅबॉट यांना तो शहाद्याजवळच्या सागाच्या जंगलात दिसला. ११३ वर्षांनी! शहादा तेव्हा धुळे जिल्ह्यात होतं, नंदुरबार जिल्हा जुलै १९९८ मध्ये झाला. आपल्याकडच्या किती शाळांत ही गोष्ट सांगितली जाते?

हा पक्षी दिवसाही वावरतो, त्यामुळे चित्रण शक्य आहे. पण त्याच्या आवाजाची ध्वनिफीत वाजवून त्याला जवळ बोलावू नका, विणीच्या काळात तर अजिबात नाही. तसंच मुक्ताईनगरकडे केळीच्या बागांत वावरणाऱ्या वाघांचं. जागा सांगणारी कुठलीही खूण चित्रात ठेवू नका.

परवानग्या लागतात का?

अभयारण्यात (यावल, अनेर धरण, गौताळा) वनविभागाची लेखी परवानगी लागते, शुल्कही असतं. धरणांच्या भिंतीवर आणि दरवाजांपाशी परवानगीशिवाय कॅमेरा काढू नका, हतनूरचे ४१ दरवाजे उघडलेले कितीही देखणे दिसत असले तरी. ड्रोनसाठी २०२१ ची नियमावली वाचा, तुमची जागा कोणत्या क्षेत्रात येते ते आधी नकाशावर तपासा. आणि शेतात पाऊल टाकण्यापूर्वी शेतमालकाला विचारा. कायद्याच्याही आधीची परवानगी ती.

कॅमेरा कोणता घेऊ?

जो आहे तो. चांगला मोबाइलही सुरुवातीला चालतो. पैसे असतील तर आधी माइक घ्या, कारण थोडं अंधुक चित्र लोक सहन करतात, न कळणारा आवाज नाही. केळीच्या पानांचा सळसळाट मुलाखतीत इतका शिरतो की शब्द बुडतात, म्हणून वाऱ्यासाठी केसाळ टोपी असलेला माइक लागतोच. मे महिन्यात दुपारी कॅमेरा तापून बंद पडतो: त्याच्यावर छत्री धरा, पांढरं फडकं टाका, बारा ते चार चित्रण टाळा.

महागड्या साधनांवाचून अडलंय असं वाटलं तर चाळीसगावला केकी मूस यांचं काम बघा. वर्षानुवर्षं घरात राहून, टेबलावर वस्तू मांडून त्यांनी जी छायाचित्रं काढली, ती बघितल्यावर तक्रार करायला तोंड राहत नाही.

यात पोट भरतं का?

केवळ यावर नाही, निदान पहिली अनेक वर्षं तरी नाही. लग्नसराईत मी शूटिंग करते. कृषी विज्ञान केंद्रं, संस्था, शेतीसाहित्याच्या कंपन्या यांच्यासाठी छोट्या फिल्म करते. त्यातून घर चालतं आणि थोडं माहितीपटासाठी उरतं. फेलोशिप असतात, कोलकात्यात डॉकएजसारखा मंच आहे जिथे आपली कल्पना मांडता येते, मुंबईचा आंतरराष्ट्रीय माहितीपट महोत्सव १९९० पासून चालू आहे, पर्यावरणासाठी वातावरण महोत्सव आहे. पण ज्या विषयावर फिल्म करायची, त्यातल्याच कुणाचे पैसे घेऊ नका. वाळू ठेकेदाराने एकदा सहज मदत देऊ केली होती, घेतली असती तर ती फिल्म तिथेच संपली असती.

शिक्षण कुठे घ्यावं?

पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट आहे, दिल्लीत जामिया आहे, जळगावच्या विद्यापीठात पत्रकारिता शिकता येते. प्रवेश मिळाला तर जरूर जा. नाही मिळाला तर एक विहीर निवडा आणि पावसाळा ते पावसाळा दर महिन्याला तिचं त्याच जागेवरून चित्रण करा. वर्षाच्या शेवटी तुमच्याकडे शिक्षणही असेल आणि फिल्मही.

मुलींना जमेल का?

जमतं. घरच्यांची काळजी खरी असते, म्हणून त्यांना एकदा चित्रणाला सोबत न्या. आणि एक फायदा सांगते. पाणी भरणं बायांकडे आहे, बियाणं राखणंही पुष्कळदा त्यांच्याकडेच, आणि चुलीपाशी त्या जे बोलतात ते ओट्यावर बसलेल्या पुरुष कॅमेरामनपर्यंत पोचत नाही.

फिल्मने खरंच काही बदलतं का?

कधी कधी कायदाही बदलतो. गुजरातच्या किनाऱ्यावर देवमाशासारख्या अवाढव्य व्हेल शार्कची कत्तल माइक पांडे यांनी चित्रित केली आणि २००१ मध्ये त्या माशाला वन्यजीव कायद्याचं संरक्षण मिळालं. असं क्वचित होतं. आमच्याकडे परिणाम लहान असतो: वाळूची फिल्म दाखवल्यावर एका गावाने ग्रामसभेत पात्रातल्या उपशाविरुद्ध ठराव केला. तो ठराव अजून कार्यालयांत फिरतो आहे, पण उद्या कोर्टात जायची वेळ आली तर गावाच्या हातात कागद आहे. केळीच्या फिल्मनंतर पाइपांच्या दृश्यावर बायांनी घरी हिशेब विचारला, असंही कानावर आलं. मला हे पुरेसं वाटतं.

सध्या काय चाललंय?

पांझरेवरच्या फड पद्धतीवर काम. नदीवर बंधारा, त्यातून पाट, पाटाखालच्या जमिनीचे फड आणि एका फडात त्या हंगामाला सगळ्यांनी एकच पीक घ्यायचं. कोणत्या फडात ऊस आणि कुठे भुसार, हे आळीपाळीने ठरतं. पाणी सोडायचा अधिकार एकट्या पाटकऱ्याचा, शेतमालकाने स्वतः बारं, म्हणजे पाटातून शेतात पाणी घ्यायचं तोंड, फोडायचं नाही. मोटार नाही, वीज नाही, उतारावरून पाणी आपसूक जातं. कित्येक शतकं हे चाललं आणि वरची धरणं, खासगी विहिरी यांच्यामुळे आता मोजक्या ठिकाणी तग धरून आहे. केळीच्या पट्ट्यात प्रत्येकाचा पाइप वेगळा आणि इथे सगळ्यांचा पाट एक. ही दोन दृश्यं शेजारी ठेवायची, एवढीच त्या फिल्मची कल्पना आहे.

तुमची फिल्म आमच्या गावात दाखवायची आहे. काय करावं लागेल?

मानधन नाही. येण्याजाण्याचा खर्च आणि रात्रीचं जेवण, बस. पडदा आणि प्रोजेक्टर मी आणते, स्पीकर तुमचा, कारण मंडळाचा स्पीकर प्रत्येक गावात असतोच. शाळेचं मैदान चालतं, मंदिराचं पटांगण नको, काही जण बाहेरच उभे राहतात. फिल्मनंतर तासभर बोलायला ठेवा. सत्कार, नारळ, शाल नको. कापूस वेचणीचे दिवस टाळा आणि शेतीची वीज त्या आठवड्यात रात्रीच्या पाळीत नाही ना ते आधी बघा. असेल तर माणसं मोटारीवर असतात, तेव्हा दिवसाच्या पाळीचा आठवडा धरा.